कीलीचं यंत्र आणि तळघरातला लोखंडी गोळा

वीज नको, डिझेल नको, एकदा फिरवला की चालूच राहतो, असा जनरेटर घ्यायला पैसे मोजणार असाल, तर आधी अमेरिकेतल्या फिलाडेल्फियाच्या जॉन वॉरेल कीलीची हकीकत वाचा. सव्वाशे वर्षं उलटली, डाव तोच आहे.

१८७२ च्या सुमारास कीलीनं जाहीर केलं की साध्या पाण्यातून एक नवीच शक्ती काढता येते. यंत्राच्या तोटीत तो अर्धा मिनिट फुंकायचा, मग त्याच तोटीतून पाच गॅलन, म्हणजे साधारण १९ लिटर, पाणी ओतायचा. थोडी खटपट केली की दाबमापकाचा काटा चौरस इंचाला १०,००० पौंडांवर! जाड दोर तटातट तुटायचे, लोखंडी सळया पिळवटायच्या. बघणाऱ्यांनी खिसे रिकामे केले, कंपनी निघाली, शेअर विकले गेले. इंजिन मात्र बाजारात कधीच आलं नाही. भागधारकांनी तगादा लावला की कीली जुनं यंत्र बाजूला सारून नवं मांडायचा, आणि सोबत ईथर, कंपनं असे नवे शब्दही. १८८८ मध्ये कोर्टाच्या अवमानाबद्दल तो तुरुंगातही जाऊन आला. तरी क्लारा ब्लूमफील्ड मूर ही श्रीमंत विधवा त्याला वर्षानुवर्षं पैसा पुरवत राहिली. अशा भल्या, विश्वासू माणसांच्या जिवावरच हा धंदा चालतो, म्हणून त्याची चीड येते.

१८ नोव्हेंबर १८९८ ला कीली वारला. क्लाराबाईंच्या मुलानं ती कार्यशाळेची इमारत भाड्यानं घेतली आणि जाणकारांना बरोबर घेऊन जमीन उकरली. खोटं छत, खोटी जमीन, मधल्या पोकळीत पट्टे आणि नळ्या, तळघरात पाण्याच्या दाबावर चालणारी मोटर. आणि तिथेच सुमारे तीन टनांचा पोकळ लोखंडी गोळा, दाबलेली हवा साठवायला. दोर तुटायचे ते या हवेच्या जोरावर. कीली ज्यांना भरीव तारा म्हणायचा, त्यांच्या जागी बारीक नळ्या निघाल्या. तो जिवंत असताना एका अभियंत्यानं ‘ही तार कापून दाखवा’ म्हटलं होतं. कीलीनं कापू दिली नाही. तिथेच व्यवहार थांबवायला हवा होता.

त्याच शहरात १८१२ मध्ये चार्ल्स रेडहेफर यानं आपोआप फिरणारं यंत्र मांडलं होतं. तपासायला आलेल्यांना जवळ जाऊ दिलं नाही, तरी एकाच्या नजरेत भरलं की दात्यांची झीज उलट्या बाजूला आहे. म्हणजे यंत्र शेजारच्या चाकाला फिरवत नव्हतं, शेजारचं चाक यंत्राला फिरवत होतं. पुढे न्यूयॉर्कमध्ये वाफेच्या बोटी बांधणाऱ्या रॉबर्ट फुल्टननं चाकाचा वेग कमीजास्त होताना टिपला आणि हे हातानं फिरवलं जातंय हे ओळखलं. लाकडी पट्टी उखडली तर आत तातीचा पट्टा, आणि त्याचा माग काढत गेलं तर माळ्यावर दांडा फिरवत बसलेला म्हातारा.

आता आजचा माल बघा. एक मोटर, पट्ट्यावर फ्लायव्हील म्हणजे जड चाक, पुढे अल्टरनेटर म्हणजे फिरवलं की वीज देणारं यंत्र, आणि अल्टरनेटरची वीज परत मोटरला. १ एचपीची मोटर साधारण ९३० वॅट ओढते आणि शाफ्टवर ७४६ वॅट देते. पट्ट्यात ५ टक्के जातात, अल्टरनेटरमध्ये आणखी २० टक्के. हातात उरतात ५६५ वॅटच्या आसपास. स्वतःची मोटरच भागत नाही, घर कुठून चालणार? फ्लायव्हील शक्ती साठवतं, तयार करत नाही. ५० किलोचं, २५ सेंटिमीटर त्रिज्येचं भरीव चाक मिनिटाला १,५०० फेऱ्यांनी फिरत असेल तर त्यात सुमारे १९ किलोज्यूल असतात: १०० वॅटचा दिवा जेमतेम तीन मिनिटं. विकणाऱ्याचा व्हिडिओ तेवढाच असतो. जास्त वेळ चालला, तर पत्र्याखाली बॅटरी-इन्व्हर्टर किंवा सांगाड्याच्या पोकळ पायातून आलेली वायर शोधा.

तपासणी विकणाऱ्याच्या शेडमध्ये करू नका, तिथली जमीन त्याची असते. यंत्र आपल्या जागेत आणा, चेनपुलीनं उचलून टांगा, खालून-वरून बघा, झाकणं उघडायला लावा. भार १,००० वॅटच्या हीटरचा लावा. एलईडी नको, ९ वॅटचा दिवाही डोळे दिपवतो. मध्ये युनिट मोजणारा मीटर घाला आणि सलग २४ तास चालवा. २४ युनिट पडायला हवेत. १२ व्होल्ट, १५० एएचची बॅटरी पूर्ण भरलेली असली तरी तिच्यात १.८ युनिट असतात, म्हणजे दोन तासांच्या आत भांडं फुटतं. व्होल्ट गुणिले अँपिअर करून कुणी वॅट सांगू लागला तर मानू नका. पॉवर फॅक्टर (त्या गुणाकारातला किती हिस्सा खरोखर कामाला येतो ते प्रमाण) सोडून दिला की आकडा हवा तसा फुगतो.

पेटंटचा कागद दाखवतील. तो बहुधा अर्जाचा असतो. अर्ज कुणीही करू शकतो, आणि साधारण १८ महिन्यांनी तो प्रसिद्धही होतो. मंजुरी ही वेगळी गोष्ट. भारतीय पेटंट कायदा, १९७० च्या कलम ३(अ) प्रमाणे निसर्गनियमांच्या उघड विरुद्ध असलेला दावा शोधच धरला जात नाही.

‘गुपित फुटेल’ म्हणून झाकण उघडू देत नसेल, तर आगाऊ रक्कम एक रुपयाही देऊ नका. ऑनलाइन पैसे गेलेच असतील तर त्याच दिवशी १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर फोन करा, बँकेला कळवा, आणि व्हिडिओ, पावत्या, संदेश यातलं काहीही पुसू नका.