नऊ महिने पीनट बटर-चॉकलेट केक करतेय, त्याचा अनुभव

मागच्या कोजागिरीला आमच्या नाशिकच्या इंदिरानगरमधल्या सोसायटीत गच्चीवर मसाला दूध आणि भेळ ठरली होती. आणखी एक गोड पदार्थ हवा होता, तो माझ्याकडे आला. पीनट बटर आणि चॉकलेटचा केक त्या रात्री मी पहिल्यांदा केला. तेव्हापासून आजवर बावीस केक झाले. भिशी, हळदीकुंकू, नणंदेचं डोहाळजेवण, एकतीस डिसेंबर, दोन वाढदिवस. दर वेळी काय घातलं, किती मिनिटं ठेवला, कुठे बिघडलं, हे वहीत लिहीत गेले. आता वही बरीच भरलीय, म्हणून सविस्तर लिहायला बसले. निकाल आधीच सांगते: वीस-पंचवीस माणसं जमणार असतील तर मला याच्याइतका भरवशाचा दुसरा केक सापडलेला नाही. आणि त्याची निम्मी चव ओव्हन लावायच्या आधी, दाणे भाजतानाच ठरते.

केकचा खालचा भाग अगदी साधा आहे. आमच्याकडे जमणाऱ्यांत अंडं न खाणारे निम्मे तरी असतात, त्यामुळे बिनअंड्याचाच हवा होता. अमेरिकेत टंचाईच्या दिवसांत अंडी, दूध, लोणी काहीच न घालता जो चॉकलेट केक करत, त्या पद्धतीचा हा आहे. आठ इंची चौकोनी टिनला दीड कप मैदा (190 ग्रॅम), एक कप साखर, 35 ग्रॅम कोको, एक छोटा चमचा सोडा, अर्धा चमचा मीठ. हे सगळं चाळून घ्यायचं. वेगळ्या भांड्यात एक कप कोमट काळी कॉफी, 80 मिली तेल आणि एक मोठा चमचा व्हिनेगर. ओलं कोरड्यात ओतून गुठळ्या मोडेपर्यंतच ढवळायचं. कॉफीची चव वेगळी लागत नाही, कोको मात्र गडद लागतो. 180 अंशांवर 30 ते 35 मिनिटं.

डार्क कोको वापरून पाहिला. रंग सुंदर येतो, पण त्याच्यावर अल्कलीची प्रक्रिया झालेली असते, त्यामुळे साध्या कोकोतला आंबटपणा त्यात नसतो आणि सोडा शिल्लक राहतो. दोन केकना साबणासारखी चव आली तेव्हा कारण शोधलं. आता डार्क कोको असला की सोडा पाऊण चमचाच.

या पद्धतीतली खरी गोची म्हणजे व्हिनेगर आणि सोडा एकत्र आले की त्याच क्षणी फुगायला लागतात. मिश्रण थांबत नाही. डोहाळजेवणाच्या आदल्या संध्याकाळी मी मिश्रण टिनमध्ये ओतलं आणि वीज गेली. चाळीस मिनिटांनी आली तोवर वरचे बुडबुडे फुटून गेले होते. केक भाजला गेला, पण बोटभर जाडीचा, चिवट, वडीसारखा. नणंदेला तो द्यायचा नव्हता. रात्री दहाला दुसरा केला. तेव्हापासून ओव्हन पूर्ण तापल्याशिवाय ओलं आणि कोरडं मी एकत्र करत नाही.

आता दाणे. सुरुवातीला बाजारातलं तयार पीनट बटर आणलं. दोन वेगवेगळे डबे वापरले. दोन्हींत साखर होतीच, शिवाय तेल वर येऊ नये म्हणून हायड्रोजनेटेड फॅट घातलेलं. क्रीम छान गुळगुळीत होतं, पण केक गोडावर गोड होतो आणि दाण्याचा वास मागे पडतो. तिसऱ्या वेळेपासून घरीच करते. रविवार कारंजावरून अर्धा किलो दाणे आणते. आई, म्हणजे माझ्या सासूबाई, ते ताटात पसरून एकेक निवडतात. सुरकुतलेला, काळपट, बुरशीचा वास येणारा दाणा बाजूला. एवढं कशाला, असं मला वाटायचं. पण एक खवट दाणा अख्ख्या बाटलीला कडू करतो, हे जानेवारीत कळलं, आणि बुरशी धरलेल्या दाण्यात अफ्लाटॉक्सिन हे बुरशीचं विष असू शकतं, ते भाजूनही पुरतं जात नाही. त्यामुळे निवडणं आता आमच्याकडे ठरलेलंच आहे.

भाजायला लोखंडी कढई आणि मंद आच, वीस-पंचवीस मिनिटं. मोठ्या आचेवर वरून डाग पडतात आणि आत कच्चा राहतो. मी मधून मधून एक दाणा काढून गार करून फोडून बघते. आतला रंग बिस्किटासारखा झाला आणि चावल्यावर कुरकुर वाजलं की गॅस बंद. साल चोळून सुपात पाखडायची आणि दाणे कोमट असतानाच मिक्सरला लावायचे.

इथे घाई करू नका. एक मिनिट फिरवायचं, दोन मिनिटं थांबायचं, नाहीतर मोटर तापते. आधी चटणीसाठी करतो तसा कूट होतो. तिसऱ्या-चौथ्या वेळी तो ओलसर होऊन भांड्याच्या कडेला घट्ट गोळ्यासारखा चिकटतो, पातं नुसतंच फिरत राहतं. मी पहिल्यांदा इथेच थांबले होते. हे एवढंच होणार असं वाटलं, थोडं पाणी घालावं असंही मनात आलं. आई ओट्याजवळ उभ्या होत्या. त्या म्हणाल्या, "अगं, अजून फिरव, त्याचं त्याला तेल सुटू दे. दाण्याचे लाडू करताना नाही का सुटत?" कडा खरवडून पुन्हा फिरवलं. सहाव्या-सातव्या वेळी आवाज बदलला, खडखडाट जाऊन भांड्यात गुळगुळीत घरघर सुरू झाली, आणि गोळा सैल पडून पातळ होत वाहायला लागला. घरभर भाजलेल्या दाण्यांचा वास. नंतर अर्धा चमचा मीठ, बस. पाणी किंवा मध घालायचा मोह झाला तरी घालू नका. ओल लागली की ते पुन्हा घट्ट होऊन गच्च बसतं, हे मध घालून एकदा अनुभवलंय.

घरच्या बाटलीत तेल वर तरंगतं. मी बाटली उलटी ठेवते आणि काढताना तळापासून ढवळते. न ढवळता वरचं पातळ घेतलं तर क्रीम तुपकट होतं. फ्रिजमध्ये महिनाभर चांगलं राहतं.

वरच्या थराला 150 ग्रॅम पीनट बटर, 60 ग्रॅम लोणी आणि 80 ग्रॅम पिठीसाखर एकत्र फेटते. त्याच्यावर चॉकलेटचा पातळ थर. अमूलच्या फ्रेश क्रीममध्ये 25 टक्केच फॅट असतं, म्हणून 100 ग्रॅम क्रीमला 150 ग्रॅम चॉकलेट घेते, समसमान घेतलं तर थर नीट बसत नाही. चॉकलेट वितळवताना त्यात पाण्याचा थेंबही जाता कामा नये, लगेच खरबरीत होतं. कंपाउंड चॉकलेट स्वस्त पडतं, पण त्यात कोको बटरच्या जागी दुसरं वनस्पती तेल असतं आणि ते जिभेवर मेणासारखं राहतं. दोन्ही शेजारी शेजारी ठेवून भिशीला चाखायला दिली. नऊपैकी आठ जणींनी खरं चॉकलेट न सांगता ओळखलं.

ओव्हनबद्दल एक तक्रार आहेच. आमचा ओटीजी अठ्ठावीस लिटरचा आहे. कंपनीचं नाव घेत नाही. पहिले चार केक वरून तडकले आणि कडा करपल्या. मी कृतीलाच दोष देत होते. शेवटी ओव्हन थर्मामीटर आणून आत ठेवला, तर बटण 180 वर असताना काटा 205 वर. कंपनीच्या सर्व्हिसला दोनदा फोन केला, कोणी फिरकलं नाही. आता मी बटण 155-160 च्या मध्ये ठेवते आणि थर्मामीटर आतच राहू देते. नवीन ओटीजी घेणाऱ्या प्रत्येकाने आधी हा छोटा थर्मामीटर घ्यावा, असं मला अगदी मनापासून वाटतं. माझा सगळ्यात उपयोगी पडलेला खर्च तोच.

नाशिकच्या हवेने पण खूप शिकवलं. डिसेंबर-जानेवारीत पहाटे पारा दहाच्या खाली गेला की ओट्यावरचं लोणी दुपारपर्यंत दगड. तेव्हा ते किसणीवर किसून घेते, दहा मिनिटांत फेटण्याजोगं होतं. एप्रिल-मेमध्ये नेमकं उलट. त्र्यंबक रोडला एका फार्महाऊसवर दुपारी केक नेला, तिथे पोचेपर्यंत केक कापून मध्ये दिलेला पीनट बटरचा थर एका बाजूला सरकला होता. उन्हाळ्यात आता पीनट बटरचा थर मध्ये देतच नाही, फक्त वर देते, आणि केक रात्रभर फ्रिजमध्ये ठेवूनच निघते. एक दिवस मुरल्यावर तो जास्त चांगलाही लागतो, त्यामुळे समारंभाच्या दिवशी मला ओट्याशी उभं राहावं लागत नाही.

न्यायला मी स्टीलचा मोठा डबा उलटा वापरते. केक झाकणावर ठेवायचा आणि डबा वरून पालथा घालायचा. बाहेर काढताना कडेला हात लागत नाही आणि स्पीडब्रेकरवरही वरचा थर शाबूत राहतो.

एक गोष्ट सगळ्यात महत्त्वाची, ती मुद्दाम वेगळी सांगते. फेब्रुवारीत सोसायटीच्या हळदीकुंकवाला केकच्या ताटाशेजारी चिवडा होता. नाशिककरांना चिवड्यात दाणे दिसतातच, केकमध्ये कोणी ते शोधत नाही. तुकडे वाटत असताना चौथ्या मजल्यावरच्या वहिनींनी माझा हात धरला आणि विचारलं, "यात दाणे आहेत का? आमच्या छोटीला चालत नाहीत, श्वास अडकतो." मुलीच्या हातात ताटली पोचलीच होती. आम्ही ती लगेच घेतली, तिचे हात धुतले. तिने खाल्लं नव्हतं, पण त्या रात्री मला झोप लागली नाही. काहींना दाण्याचा सुरीला लागलेला कण सुद्धा पुरतो. आता निमंत्रण आलं की मी आधी विचारते, ताटासमोर मोठ्या अक्षरात "यात शेंगदाणे आहेत" अशी चिठ्ठी ठेवते, सुरी वेगळी ठेवते, आणि लहान मुलं असतील तर त्याच मापाचा बिनदाण्याचा केक आदल्या दिवशी, दाणे बाहेर काढायच्या आधी, करून झाकून ठेवते.

खर्च वाढला, तो कोकोने. 2024 मध्ये घाना आणि आयव्हरी कोस्टमधलं पीक घटल्याने जगभर कोको विक्रमी महागला, आणि त्याची झळ आमच्या गल्लीतल्या दुकानापर्यंत आली. दाणे, मैदा, तेल त्या मानाने किरकोळ. कापताना सुरी गरम पाण्यात बुडवून पुसून घेते आणि टिनचे पाच बाय पाच असे पंचवीस तुकडे करते. तुकडा छोटा वाटतो, पण केक जड आहे, मोठा तुकडा दिला की ताटलीत अर्धा उरतो. माणसं पंचवीसच्या पुढे गेली तर दोन टिन, पण एका वेळी एकच भाजते, कारण दुसरं मिश्रण तोवर थांबत नाही.

पावसाळ्यात दाणे ओलावा धरतात, त्यामुळे कढईत पाच मिनिटं जास्त लागतात. शनिवारच्या भिशीसाठी आज तेच केलंय. बाटली खिडकीत गार होतेय, आणि आईंनी चमचाभर चाखून मीठ चिमूटभर वाढवायला सांगितलंय.