हंपी आणि दिव्या: एकाच पटावरच्या दोन पिढ्या

जुलै 2025मध्ये जॉर्जियातल्या बातुमीला महिला बुद्धिबळ विश्वचषकाची अंतिम फेरी रंगली ती दोन भारतीयांतच: 38 वर्षांची कोनेरू हंपी आणि नागपूरची 19 वर्षांची दिव्या देशमुख. हंपी 2002मध्ये, पंधराव्या वर्षीच ग्रँडमास्टर झाली, म्हणजे बुद्धिबळातला सर्वोच्च किताब तिने मिळवला. दिव्याकडे मात्र बातुमीला जाताना एकही ग्रँडमास्टर नॉर्म (त्या किताबासाठी स्पर्धांमध्ये करावी लागणारी ठरावीक कामगिरी) नव्हता. विजेतेपदासोबत थेट किताबच मिळाला! अंतिम फेरीचे दोन्ही क्लासिकल (जास्त वेळेचे) डाव बरोबरीत सुटले आणि जलद टायब्रेकच्या, म्हणजे बरोबरी फोडण्यासाठीच्या कमी वेळेच्या डावांपैकी दुसऱ्या डावात काळ्या मोहऱ्यांनी खेळून दिव्याने बाजी मारली. त्या दिवसाची धडाडी तिचीच.

पण कारकीर्द म्हणून मला हंपीच जास्त भावते. मुलगी झाल्यावर ती पुन्हा पटावर बसली आणि 2019 व 2024, असं दोनदा जागतिक जलद विजेतेपद पटकावलं. इतकं सातत्य दिव्याला अजून दाखवायचंय.