गुळाच्या खड्याला उत्तर देणारी बुरशी

दादर पश्चिमेला, रानडे रोडच्या एका आडगल्लीत, दुसऱ्या मजल्यावर पटावरच्या खेळांचे एक छोटे कॅफे आहे. तिथे रविवारी दुपारी मराठीतून तीन तासांचा कथाखेळ चालतो: सूत्रधार प्रसंग सांगतो, सहा खेळाडू आपापल्या पात्रांच्या वतीने निर्णय घेतात आणि उरलेले फाशांवर सोपवतात. माणशी सातशे रुपये, त्यात एक चहा. भाचीच्या आग्रहाखातर मी गेले. वनस्पतिशास्त्र शिकवण्यात आयुष्य गेल्यामुळे, "मावशी, यात जमिनीखालची विचार करणारी बुरशी आहे," हे ऐकून मला उत्सुकतेपेक्षा धास्तीच अधिक वाटली होती.

ती बव्हंशी अनाठायी ठरली. खेळातल्या राज्याचे अरण्य वाळत चालले आहे आणि त्याखाली पसरलेल्या कवकजालाशी, म्हणजे बुरशीच्या जाळ्याशी, बोलणी करण्यासाठी राजाने आम्हाला भुयारात पाठवले आहे, एवढीच गोष्ट. मेजावर गोणपाट अंथरलेले असते, त्यावर पांढऱ्या लोकरीचे धागे सोडलेले असतात आणि तेच ते जाळे. प्रश्न चिठ्ठीवर लिहून पत्र्याच्या डब्यात टाकायचा. उत्तर दोन फेऱ्यांनंतर मिळते, तेही शब्दांत नव्हे. सूत्रधार काही न बोलता एखादा धागा उचलतो, दुसरीकडे दोन नवे जोडतो, आणि आपण त्याचा अर्थ लावत बसायचे. आमच्यातल्या एका तरुणाने मोठ्या ऐटीत सोन्याच्या मोहरा देऊ केल्या, त्याला काहीच उत्तर आले नाही. भाचीने शिधापिशवीतून गुळाच्या खड्याचे पत्ते काढून ठेवले, तेव्हा मात्र गोणपाटाच्या दूरच्या कोपऱ्यातून धागे आमच्या दिशेने सरकू लागले. मला हा प्रसंग फार आवडला, कारण मुळांशी जोडलेल्या कवकाचा झाडाशी व्यवहार असाच असतो: झाड साखर देते, कवक पाणी आणि फॉस्फरस आणून देते. या भागीदारीला जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ आल्बर्ट फ्रांक यांनी १८८५ साली 'मायकोरायझा' हे नाव दिले.

याहून बारकाईने केलेला विचार पुढे दिसतो. घाईत आम्ही कुदळीने भुयार रुंद केले आणि काही धागे तुटले. त्यानंतर जाळ्याची पूर्वेकडची बाजू आमच्याशी बोलेनाशी झाली, पश्चिमेकडची मात्र पूर्वीसारखीच सहकार्य करत राहिली, कारण तुटलेल्या धाग्यांपलीकडची बातमी तिच्यापर्यंत पोहोचलीच नव्हती. मेंदू नसलेल्या, कुठूनही तुटले तरी दोन्हीकडे जगत राहणाऱ्या जिवाला जाणीव असलीच, तर ती अशी विखुरलेली असेल, हे या खेळाने भाषण न देता पटवून दिले.

सुरुवातीला एक माहितीपत्रक देतात. त्यात अमेरिकेतील ओरेगॉनच्या जंगलात सुमारे ९६५ हेक्टरांवर पसरलेल्या आर्मिलारिया या एकाच कवकाचा उल्लेख आहे, तो योग्यच आहे. जवळच्या शिवाजी पार्कसारखी ऐंशीएक मैदाने त्यात सहज बसतील. पण २०१० साली संशोधकांनी शहरांच्या जागी ओटचे दाणे ठेवले तेव्हा तोक्योच्या रेल्वेजाळ्याशी मिळतीजुळती रचना ज्या जिवाने करून दाखवली, त्यालाही तिथे बुरशी म्हटले आहे. तो फायसारम, म्हणजे स्लाइम मोल्ड, अमीबाच्या जवळचा जीव. त्याची गणना कवकांत होत नाही. 'झाडे कवकामार्फत एकमेकांशी बोलतात' हे वाक्यही 'खरे विज्ञान' या मथळ्याखाली नको होते. झाडाझाडांमध्ये कार्बनची देवाणघेवाण होते, हे कॅनडाच्या वनशास्त्रज्ञ सुझान सिमार्ड यांनी १९९७ साली दाखवले. तथापि जंगलात ती कवकाच्या जाळ्यातूनच किती होते आणि झाडांना तिचा किती उपयोग होतो, यावर संशोधकांचे अजून एकमत नाही.

खरी तक्रार शेवटच्या अर्ध्या तासाची आहे. वेळ संपत आली तशी सूत्रधाराने डबा बाजूला सारला आणि जाळ्याला एकदम वाचा फुटली, तीही कीर्तनकाराच्या थाटात. 'मानवा, तू निसर्गाला विसरलास' इत्यादी ऐकताना अडीच तास जपलेले ते परकेपण पाच मिनिटांत ओसरले. मी हे त्याला नंतर सांगितले. "मॅडम, लोकांना शेवटी उत्तर हवं असतं," असे तो म्हणाला. मला ते पटले नाही. धागे हलवूनच शेवट करता आला असता, आणि वेळ अपुरी पडत असेल, तर सुरुवातीचा राजदरबार निम्म्यावर आणावा.

एरवी सूत्रधाराची तयारी उत्तम आहे, नवख्यांना तो धीराने सांभाळून घेतो आणि मराठीही स्वच्छ बोलतो. चहा पाणचट होता. जागा सहाच असल्याने आधी फोन करून जावे. जिना अरुंद आहे, पायऱ्या उंच आहेत आणि इमारतीला लिफ्ट नाही, हे माझ्या वयाच्या मंडळींनी लक्षात घ्यावे.