वारी समजून घ्यायची कशी : टर्नर की इरावतीबाई?

विधीच्या मधल्या टप्प्यात माणसाचा हुद्दा, दर्जा गळून पडतो आणि सगळे एका पातळीवर येतात, असं मानववंशशास्त्रज्ञ व्हिक्टर टर्नर यांनी १९६९ मध्ये मांडलं. वारीला हे चपखल बसतं : कोण कुठला हे न विचारता वारकरी एकमेकांच्या पाया पडतात, ‘माउली’ म्हणतात.

मानववंशशास्त्रज्ञ इरावती कर्वे मात्र दिंडीबरोबर स्वतः चालल्या. दिवसभर अभंग एकत्र, पण जेवायची वेळ झाली की ब्राह्मण आणि मराठा यांच्या पंगती वेगळ्या. हे त्यांनी पाहिलं, आणि ते त्यांना बोचलं. टर्नर यांच्या चौकटीमुळे त्यांनी अभ्यासलेले आफ्रिकेतले विधी आणि पंढरीची वाट शेजारी ठेवता येतात, हा तिचा मोठाच फायदा. पण पंगतीतली ती फट चौकटीतून सहज दिसत नाही, म्हणून वारीपुरता माझा कौल इरावतीबाईंना. पुढे तीर्थयात्रांवर लिहिताना टर्नर यांनीही त्यांच्याच वर्णनाचा आधार घेतला.