घरातल्या पिस्तुलावर स्वस्तातला रेड डॉट : आठ महिन्यांच्या वापरानंतर

रेड डॉट, म्हणजे काचेत लाल ठिपका दाखवणारं नेम धरण्याचं साधन, उजेडात हातात घेऊन पारखण्यात काही अर्थ नाही. भर उजेडात कुठलीही काच डोळ्यांसमोर धरली, की ठिपका झकासच दिसतो. पण पिस्तूल घराच्या रक्षणासाठी असेल तर प्रश्न वेगळाच असतो. रात्री अर्धवट झोपेत, कुलूपबंद पेटीतून काढून पिस्तूल डोळ्यांसमोर आणलं तर ठिपका जागेवर आहे का? आणि टॉर्च लावल्यावर तो दिसत राहतो का? हा अनुभव याच कसोटीवर लिहिला आहे.

पिस्तूल ९ मिमीचं, पूर्ण आकाराचं, स्ट्रायकरवर (हातोड्याऐवजी स्प्रिंगच्या जोरावर पुढे येणाऱ्या सुईवर) चालणारं. स्लाइड, म्हणजे पिस्तुलाचा वरचा सरकणारा भाग, कारखान्यातूनच डॉट बसवण्यासाठी कापून आलेली, वर ॲडॉप्टर प्लेट. रेड डॉट उघड्या एमिटरचा (ठिपका पाडणारा दिवा उघडा असलेला), ॲल्युमिनियमच्या बॉडीचा; ठिपका ३ एमओएचा (एमओए म्हणजे अंशाचा साठावा भाग), सेल सीआर२०३२ आणि तोही खालून बसणारा. ब्राइटनेस बटणांनी बदलायचा, हलवल्यावर आपोआप जागा होणारा. बैठक आरएमआरची, म्हणजे ट्रायजिकॉनने २००९ साली आणलेल्या डॉटची. आज कितीतरी स्वस्त डॉट याच मापाने बनतात. आठ महिन्यांत साधारण १,८०० राउंड झाले.

काच आणि सर्किट या दोन्हींबद्दल फारशी तक्रार नाही. काचेला निळसर झाक आहे, कारण लाल प्रकाश परावर्तित करणाऱ्या थराने समोरच्या दृश्यातलाही थोडा लाल गाळला जातो. महागड्या काचेत ही झाक कमी असते, पण खोलीच्या अंतरावर तिने काही अडत नाही. त्रास दिला तो बसवणीने.

पिस्तुलाच्या स्लाइडवर डॉट बसवणं हे रायफलवर बसवण्यासारखं नाही. इथे स्लाइड प्रत्येक राउंडला मागे आपटते, पुढे आपटते, आणि डॉट तिच्यासोबत ते सगळे हादरे खातो. हे आडवे धक्के बैठकीच्या खुंट्यांनी झेलायचे असतात. स्क्रूचं काम फक्त वरून दाबून धरण्याचं. प्लेटवरच्या खुंट्या आणि डॉटच्या तळाची भोकं यांत फट असेल तर सगळा धक्का दोन बारीक स्क्रूंवर येतो, आणि ते एक तर ढिले होतात किंवा डोक्याखाली तुटतात. म्हणून पहिली तपासणी स्क्रूशिवाय करावी. डॉट प्लेटवर ठेवून बोटांनी पुढे-मागे हलवून पाहावा. खटखट जाणवली तर तो डॉट किंवा ती प्लेट बदलावी; फट स्क्रू जास्त पिळून भरत नाही. सोबत आलेल्या प्लेटमध्ये अशी फट होती. स्टीलची वेगळी प्लेट घेतल्यावर डॉट थोडा दाबूनच बसला, तसाच तो बसायला हवा.

दुसरी भानगड स्क्रूच्या लांबीची, आणि ही फार जणांच्या लक्षात येत नाही. बऱ्याच स्लाइडमध्ये काडतुसाची रिकामी केस (पुंगळी) बाहेर पडते त्या बाजूच्या स्क्रूच्या भोकाखालून एक्स्ट्रॅक्टरच्या, म्हणजे केस ओढून काढणाऱ्या आकड्याच्या, प्लंजरची (दांडीची) वाट जाते. स्क्रू अर्धा मिलिमीटर जरी लांब झाला, तरी त्याचं टोक प्लंजरवर टेकतं. मग रिकामी केस चेंबरमध्येच राहते नाहीतर अडकते, आणि दोष गोळ्यांना किंवा मॅगझिनला दिला जातो. स्क्रू घट्ट केल्यावर एक्स्ट्रॅक्टरचा आकडा प्लास्टिकच्या काडीने बाहेर ढकलून पाहावा. तो पूर्वीसारखाच स्प्रिंगवर हलला पाहिजे. जड वाटला तर स्क्रू काढून टोक थोडं घासावं, मात्र इतकंही नाही की आटे जेमतेम दोन-तीनच धरतील.

बसवण्याचा क्रम असा. पिस्तूल रिकामं करून स्लाइड उतरवून घ्या. स्क्रू आणि भोकं दोन्ही आयसोप्रोपिल अल्कोहोलने धुवा. सोबत येणारे स्क्रू बहुतेक वेळा तेलकट असतात आणि तेलावर थ्रेडलॉकर (स्क्रू ढिला होऊ नये म्हणून आट्यांवर लावायचा चिकट द्रव) धरत नाही. मग प्रत्येक स्क्रूच्या आट्यांवर निळ्या थ्रेडलॉकरचा एक छोटा थेंब. जास्त लावला तर तो खाली वाहतो आणि सेलच्या संपर्कात किंवा प्लंजरच्या वाटेत जाऊन बसतो. दोन्ही स्क्रू आलटून-पालटून, थोडे थोडे आवळत न्या. शेवटचा टॉर्क (आवळण्याचा जोर) पुस्तिकेत दिलेला असेल तोच. या बैठकीसाठी तो १२ इंच-पाउंडच्या आसपास असतो, म्हणजे जेमतेम १.४ न्यूटन-मीटर. हा आकडा इतका लहान आहे की हाताच्या अंदाजाने पिळणारा माणूस हमखास पुढे जातो, म्हणून टॉर्क ड्रायव्हर घ्याच. २४ तास वाळू द्या. मग स्क्रूच्या डोक्यावरून बॉडीपर्यंत पेंट पेनने एक सरळ रेघ ओढा.

ही रेघ फार कामाची आहे. साधारण ३०० राउंडनंतर डाव्या स्क्रूची रेघ केसभर सरकलेली दिसली. नेम अजून हललेला नव्हता, पण आणखी शंभरेक राउंडमध्ये हलला असता. तो स्क्रू नीट धुतलेला नव्हता. दोन्ही काढून, धुऊन पुन्हा बसवले आणि त्यानंतर रेघा जागच्या जागी आहेत.

आता अंधाराची परीक्षा. काडतुसं दुसऱ्या खोलीत ठेवा, मॅगझिन काढा, चेंबर डोळ्यांनी पाहा आणि बोटाने चाचपा. नळी अशा भिंतीकडे धरा जिच्यापलीकडे कोणी नाही. दिवे घालवून पाच मिनिटं थांबा म्हणजे डोळे अंधाराला सरावतात. मग पिस्तूल वर आणा आणि पांढऱ्या भिंतीवर वेपन लाइट (पिस्तुलावर बसवलेला टॉर्च) मारा.

या डॉटला दहा पायऱ्या आहेत, पहिल्या दोन नाइट व्हिजनसाठी. अंधारात पाचवी पायरी अगदी सुबक, बारीक दिसते आणि तिथेच ठेवावीशी वाटते. पण चार मीटरवरच्या पांढऱ्या भिंतीवर लाइट पडला की पाचव्या पायरीचा ठिपका पुसल्यासारखा नाहीसा होतो. सहावीवर तो शोधावा लागतो. सातवीवर स्पष्ट दिसतो. लाइट बंद असताना सातवी थोडी फुगते, कडा पसरतात, ३ एमओएचा ठिपका डोळ्याला दुप्पट वाटतो. ते चालतं. पसरलेल्या ठिपक्याने सात मीटरवर काही बिघडत नाही; नाहीसा झालेल्या ठिपक्याने सगळंच बिघडतं. म्हणून सातवीवर ठेवला.

आपोआप ब्राइटनेस बदलणारे डॉट याच ठिकाणी फसतात. त्यांचा सेन्सर तुमच्या आसपासचा उजेड मोजतो. तुम्ही अंधाऱ्या बोळात आणि समोरची भिंत लाइटने उजळलेली, अशा वेळी सेन्सर ठिपका मंद करतो, नेमका नको तेव्हा. घरासाठी घेताना पायरी हाताने पक्की करता येते का आणि जागा झाल्यावर तीच पायरी लक्षात ठेवतो का, एवढं आधी पाहा. हा डॉट लक्षात ठेवतो.

बॅटरीच्या दाव्याचा हिशेब स्वतः करून पाहण्यासारखा आहे. सीआर२०३२ सेलची क्षमता साधारण २२५ मिलिॲम्पिअर-तास. खोक्यावर ५०,००० तास लिहिलेलं असतं. भागाकार केला तर सरासरी विजेचा खर्च ४.५ मायक्रोॲम्पिअर येतो, आणि तो मंद पायरीवरच शक्य आहे. उन्हातल्या सर्वांत वरच्या पायरीवर डॉट अर्धा मिलिॲम्पिअर ओढत असेल तर तोच सेल ४५० तासांत, म्हणजे १९ दिवसांत संपेल. तेव्हा उन्हात सराव झाल्यावर पायरी खाली आणायला विसरू नका. हालचालीने जागा होण्याची सोय असेल तर पेटीत पडून असलेलं पिस्तूल जवळजवळ काहीच खात नाही. आठ महिन्यांत उचलल्यावर ठिपका आला नाही असं एकदाही झालं नाही, आठवडाभर न हलवता ठेवून हळूच उचललं तरीही.

सेल घेताना एक बारकावा. लहान मुलांनी गिळू नयेत म्हणून काही सेलवर कडू थर दिलेला असतो. त्या थरामुळे संपर्क नीट होत नाही आणि ठिपका लुकलुकतो. राउंड झाडल्यावर ठिपका क्षणभर जाऊन परत येत असेल तर डॉट खराब ठरवण्याआधी सेल बदलून पाहा, संपर्काची पाती जराशी वर उचला, आणि खालची पातळ सीलिंग प्लेट बसवली आहे ना ते तपासा.

झिरो करताना, म्हणजे ठिपका आणि गोळी लागण्याची जागा जुळवताना, या डॉटची एक क्लिक म्हणजे १ एमओए, म्हणजे १० मीटरवर सुमारे २.९ मिमी आणि २५ मीटरवर ७.३ मिमी. आधी १० मीटरवर पाच राउंडचा गट पाडा. गट ४ सेंटिमीटर खाली आला तर १४ क्लिक वर. एका-एका राउंडवर क्लिक फिरवत बसू नका, त्यात स्वतःच्या चाप ओढण्याची चूकच मोजली जाते. क्लिक मऊ आहेत, हाताला नीट कळत नाहीत, म्हणून मोजताना स्क्रूच्या खाचेवर नजर ठेवावी लागते. शिवाय उलट दिशेला पहिली क्लिक पोकळ जाते. दोन क्लिक जास्त फिरवून परत यायचं, म्हणजे स्क्रू दर वेळी एकाच बाजूने टेकतो. मग २५ मीटरवर पक्कं करा. ठिपका नळीच्या मध्यापासून दोन-अडीच सेंटिमीटर उंच असतो, त्यामुळे तीन मीटरवर गोळी ठिपक्यापेक्षा साधारण दोन सेंटिमीटर खाली लागते. हे कागदावर एकदा पाहून ठेवावं.

ठिपका काचेच्या मध्यभागीच हवा असा आग्रह नको. पिस्तूल टेकवून डोकं हलवलं तर काठापासून काठापर्यंत सात मीटरवर दीड-दोन सेंटिमीटरचा फरक पडला, आणि काचेची रुंदी पाहता एवढा पडणारच. ठिपका दिसतो आहे, चाप सरळ ओढला आहे, बस.

ठिपका सापडत नाही ही नव्यांची सर्वांत मोठी तक्रार. जवळजवळ नेहमी नळी वर गेलेली असते. अशा वेळी पिस्तूल गोल फिरवून शोधू नये. पुढची माशी (नळीच्या टोकाकडचा नेमाचा उंचवटा) शोधावी, नळी जरा खाली आणावी, ठिपका वरून उतरतो. म्हणून उंच माशी आणि उंच मागची खाच बसवणं हा फालतू खर्च नाही. डॉट मेला तरी त्याच काचेतून नेम धरता येतो. रिकाम्या पिस्तुलाने रोज दहा मिनिटं, दोन्ही डोळे उघडे आणि नजर लक्ष्यावर ठेवून वर आणायचा सराव केला तर दोन-तीन आठवड्यांत हात बसतो. काचेच्या पुढच्या बाजूला चिकटपट्टी लावून केलेला सराव सर्वांत लवकर शिकवतो, कारण मग ठिपक्याकडे पाहत बसण्याची सोयच उरत नाही.

ठिपका शेपटीसारखा किंवा चांदणीसारखा दिसत असेल तर परत करण्याआधी मोबाइलच्या कॅमेऱ्यातून पाहा. कॅमेऱ्यात गोल आणि डोळ्याला वाकडा दिसला तर दोष डोळ्यातल्या ॲस्टिग्मॅटिझमचा. चष्मा लावून पाहावा, किंवा हिरवा ठिपका डोळ्याला मानवतो का ते बघावं.

उघड्या एमिटरची खोट एकच, पण खरी. खळग्यात धूळ, कापसाचा तंतू किंवा तेलाचा थेंब बसला की ठिपका अर्धा होतो. स्लाइडला तेल जास्त झाल्यावर दोनदा असं झालं. कापसाच्या काडीने निपटून घेतल्यावर ठीक. महिन्यातून एकदा खळगा पाहावा, आणि तेल लावल्यावर पिस्तूल नळी वर करून ठेवू नये, तेल मागे ओघळतं. थंड खोलीतून दमट जागी नेल्यावर काचेवर वाफही धरते. वाफरोधक पुसणीने ती बरीच आवरते. पुन्हा घ्यायचा झाला तर थोडे पैसे जास्त घालून बंद एमिटरचाच घ्यावा, आणि सेल बाजूने किंवा वरून बसणारा. या डॉटला सेल बदलायला पूर्ण उतरवावा लागतो. म्हणजे पुन्हा धुणं, थ्रेडलॉकर, २४ तास, नवी रेघ, आणि १० मीटरवर पाच राउंड झाडून झिरो तपासणं. पहिल्या खेपेला झिरो दोन क्लिक डावीकडे गेला होता.