पैसे द्यायची ऑर्डर आहे पण पैसे येत नाहीत: कंटेम्प्ट टाकायचा की दरखास्त?

केस जिंकलो, ऑर्डर हातात आहे आणि समोरचा ढिम्म हलत नाही, की जो तो सांगतो कंटेम्प्ट (कोर्टाच्या अवमानाची याचिका) टाका, जेलच्या भीतीने देईल. सरसकट असं करू नका प्लीज, आधी ऑर्डर कोणत्या कोर्टाची आणि कोणावर आहे ते बघा.

सरकारी किंवा निमसरकारी ऑफिसने अमुक महिन्यांत पैसे द्यावेत असं हायकोर्टाने स्पष्ट लिहिलं असेल तर कंटेम्प्ट चालतो, आणि चांगला चालतो. आईची ग्रॅच्युइटी अडली होती, तीन महिन्यांची मुदत उलटून गेली तरी ऑफिस म्हणे ऑर्डर मिळालीच नाही. मग मी सर्टिफाइड कॉपी घेऊन स्वतः आवक टेबलावर गेले, आमच्या प्रतीवर शिक्का, तारीख आणि आवक नंबर घेतला, वकिलांनी तोच कागद याचिकेला जोडला, साहेबांच्या नावाने नोटीस निघाली आणि पुढच्या तारखेआधी पैसे खात्यात जमा.

पण ऑर्डरमध्ये फक्त "अर्जावर निर्णय घ्या" एवढंच असेल आणि त्यांनी अर्ज फेटाळला तर कंटेम्प्ट बहुतेक टिकत नाही, त्या निर्णयाला नव्याने चॅलेंज करावं लागतं. ऑर्डरमध्ये व्याज नसेल तर तेही कंटेम्प्टमध्ये मिळत नाही. 1971 च्या कायद्यात शिक्षा 6 महिन्यांपर्यंत कैद किंवा 2000 रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही, आणि तो दंड काही तुमच्या खिशात येत नाही. शिवाय ऑर्डर मुद्दाम मोडली हे दाखवावं लागतं, नुसतं दिले नाहीत म्हणून भागत नाही.

दिवाणी कोर्टाची डिक्री (निकालाचा हुकूमनामा) असेल, म्हणजे उसने पैसे, व्यापाऱ्याची उधारी, भाडं असलं काही, तर सरळ दरखास्त, म्हणजे डिक्रीची अंमलबजावणी करून घ्यायचा अर्ज. खरी वसुली तिथेच होते, बँक खातं, दुकानातला माल, जमीन जप्त करता येते, आणि ऋणकोकडे (पैसे देणं लागणाऱ्याकडे) काय काय आहे याचं अॅफिडेव्हिट मागता येतं (हे मागाच, बरेच जण विसरतात). वेळ लागतो हे खरंय, सुप्रीम कोर्टाने 2021 मध्ये 6 महिन्यांत निकाली काढा म्हटलंय तरी तारखा पडतातच. तडजोडीच्या डिक्रीचंही सहसा हेच, फक्त समोरच्याने कोर्टाला वेगळी हमी लिहून दिली असेल तर ती मोडल्यावर कंटेम्प्टही होतो, म्हणून कन्सेंट टर्म्सवर (तडजोडीच्या अटींवर) सही करायच्या आधीच वकिलांना हमीचं वाक्य घालायला सांगा.

रेराचं (बिल्डरविरुद्धच्या तक्रारी ऐकणारं प्राधिकरण) वेगळं आहे, तिथे वसुली वॉरंट कलेक्टरकडे जातं.

आणि मुदत, इथेच लोक फसतात. दरखास्तीला 12 वर्षं मिळतात, कंटेम्प्टला अवमान झाल्यापासून फक्त 1 वर्ष. "देतो देतो, फाइल वर गेलीय" ऐकत बसलात तर ते वर्ष असंच निघून जातं, तेव्हा ऑर्डरमधली मुदत संपली तो दिवस आजच कॅलेंडरवर लिहून ठेवा.