वरच्या पट्टीवर नाव कुणाचं?

नौपाड्यात आमचं लग्नपत्रिका आणि फोटो अल्बमचं छोटं डीटीपी ऑफिस आहे. तीन कॉम्प्युटर, प्रत्येकावर हजारो फोटो. दोन फोल्डर शेजारीशेजारी उघडून फाइली हलवायला आम्ही टोटल कमांडर वापरतो. त्याची ३० दिवसांची मुदत संपली की लायसन्स घ्यायचं असतं. तोवर दर वेळी उघडताना १, २, ३ पैकी सांगेल ते बटण दाबावं लागतं.

मार्चमध्ये ठाणे स्टेशनजवळच्या एका कॉम्प्युटर दुरुस्तीवाल्याला लायसन्सबद्दल विचारलं. "लाइफटाइम की देतो मॅडम, मशीनमागे बाराशे." ३,६०० रुपये यूपीआयने दिले. पक्कं बिल मागितलं तर म्हणाला, "जीएसटी भरावा लागेल, उगाच कशाला?" आणि 'लाइफटाइम' ही त्याची मेहेरबानी नव्हतीच. लायसन्स घेतलेल्यांना पुढची अपडेट मूळ कंपनीच फुकट देते, हे मला नंतर कळलं.

त्यानं पेनड्राइव्हमधून 'विनसीएमडी डॉट की' ही लायसन्सची फाइल, म्हणजेच ती 'की', टाकली आणि बटणं गेली. पण प्रोग्रामच्या खिडकीच्या वरच्या पट्टीवर कुठल्याशा जर्मन कंपनीचं नाव दिसायला लागलं. "ते डीलरचं असतं," म्हणाला. मी तिथंच पैसे परत मागायला हवे होते. ही की विकत घेणाऱ्याच्या नावानं बनते आणि पट्टीवर तेच नाव येतं. डीलरचा त्यात काही संबंध नाही.

ऑगस्टमध्ये नवीन व्हर्जन टाकलं, तर तिन्ही मशीनवर की नाकारली. फोन केला तर "अपडेट करायचंच नव्हतं" असं मलाच ऐकवलं. मग व्हॉट्सॲपवर एक प्रोग्राम पाठवला, "अँटिव्हायरस बंद करून चालवा." सुदैवानं भाचा ऑफिसात होता. "मावशी, हात लावू नकोस! की नुसती फोल्डरमध्ये ठेवायची असते, ती चालवायची कशाला?" गिऱ्हाइकांच्या घरच्या लग्नाचे फोटो त्या मशीनवर होते. आठवलं की अजून पोटात गोळा येतो.

१९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर फोन केला, सायबर क्राइमच्या पोर्टलवर यूपीआयचा व्यवहार क्रमांक देऊन तक्रार नोंदवली. पैसे आलेले नाहीत. मूळ कंपनीकडून स्वतःच्या नावानं लायसन्स घेतलं.

परवा कोपरीतल्या एका ओळखीच्या स्टुडिओत गेले होते. त्यांच्याही स्क्रीनवर तेच जर्मन नाव. विचारलं, तर की त्याच माणसाकडून घेतलेली.